माझं वय ६३, आणि मला घोड्यावर बसायचंय

पत्राचा गोषवारा, ओळख पटेल असे तपशील वगळून:

मी गणिताची निवृत्त शिक्षिका. माहेर माणदेशातलं. सध्या आम्ही दोघं चार महिन्यांसाठी लेकीकडे अमेरिकेत, कोलोरॅडो राज्यातल्या डेन्व्हरला आलो आहोत. नातवाला दहावं लागतंय म्हणून जुलैअखेर एस्टेस पार्क या डोंगरातल्या गावाजवळच्या एका रँचवर, म्हणजे गुराघोड्यांच्या मोठ्या मळ्यावर, दिवसभराची सहल ठरली आहे. सकाळी वाटाड्याबरोबर दोन तास डोंगरातून घोड्यावर रपेट, मग उघड्यावरचं जेवण, दोर फेकण्याची प्रात्यक्षिकं, संध्याकाळी परत. बुकिंग करताना लेक सहज म्हणाली, "आई, तू आणि बाबा खाली थांबा, आमचे फोटो काढा." ते मनाला लागलं. माझ्या वडिलांकडे पाखरी नावाची घोडी होती, कपाळावर पांढरा टिळा असलेली. दोन्ही भाऊ तिच्यावर बसायला शिकले. मला मात्र "पोरीच्या जातीला कशाला" म्हणून कधी बसू दिलं नाही. बहात्तरच्या दुष्काळात ती विकली, तेव्हा मी दहा वर्षांची होते. दुसऱ्या दिवशी धीर करून लेकीला म्हटलं, मीही बसणार. तिने गप्पपणे फॉर्म भरायला घेतला. वजन विचारलं, तेव्हा मी ७६ चे ६८ सांगितले. यजमान म्हणतात, "या वयात शोभतं का? आणि पडलीस तर?" माझा डावा गुडघा दुखतो, बीपीची गोळी चालू आहे. पण चार वर्षांपूर्वी आम्ही दोघं केदारनाथला खेचरावरूनच गेलो होतो. सोबत माणूस असतोच, मग भीती कसली? हट्ट करू की गप्प बसू?

ताई,

आधी एकच विचारते. पाखरीची गोष्ट तुमच्या लेकीला माहीत आहे का?

मला ती तुम्ही कपाळावरच्या टिळ्यासकट सांगितलीत. लेकीला सांगितल्याचं मात्र पत्रात कुठेच नाही. म्हणजे "फोटो काढा" हे ती म्हणाली गुडघा दुखणाऱ्या आईला, आणि ऐकलं माणदेशातल्या त्या लहान मुलीने, जी गोठ्याच्या दाराशी उभी राहून भावांकडे बघत होती. वडिलांनी नाही म्हटलं ते तुम्ही मुलगी म्हणून. लेक नाही म्हणतेय ती, माझ्या अंदाजाने, तिथल्या हॉस्पिटलच्या बिलाला घाबरून. अमेरिकेत राहणाऱ्या मुलांच्या मनात आईवडील आल्या दिवसापासून ही धाकधूक असते. बाथरूममध्ये घसरू नये म्हणून ती चटई अंथरतात, जिन्यावर दिवा लावून ठेवतात. तुमच्या लेकीचं गप्प बसणं मला त्यातलंच वाटतं. हे दोन नकार एका मापाने मोजू नका. पहिल्यापुढे तुमचं काही चाललं नाही. दुसऱ्यापुढे चालेल, पण लेकीची भीती खरी आहे हे धरून बोललात तर.

म्हणून हट्टही नको आणि गप्प बसणंही नको. एका संध्याकाळी चहा घेऊन लेकीजवळ बसा, पाखरीचं सगळं सांगा, आणि मग तिच्या एकेका काळजीचं उत्तर काय ते दोघी मिळून शोधा. नातवालाही जवळ बसवा. आजीच्या घरी घोडी होती हे त्याला कळायलाच हवं.

यजमानांच्या बोलण्यात दोन गोष्टी आहेत. "शोभतं का" ही पहिली. केदारनाथ ३,५८३ मीटरवर आहे आणि तिथली वाट किती अरुंद, किती गर्दीची, ते तुम्ही दोघांनी पाहिलंय. त्या वाटेवर खेचरावर बसलेली पत्नी त्यांना शोभली होती. देवाला जाताना शोभतं तर नातवाबरोबर जाताना का नाही, हे त्यांना शांतपणे विचारा. मला वाटतं, त्यांनाही बसायचं असेल आणि गुडघे किंवा भीती आड येत असेल. विचारून तर बघा. "पडलीस तर" ही दुसरी गोष्ट मात्र मोलाची आहे. पुढचं बरंचसं उत्तर तिच्यासाठीच लिहितेय.

तुमचाही एक समज आधी दुरुस्त करायला हवा. "सोबत माणूस असतोच" हे केदारनाथला खरं, महाबळेश्वरला वेण्णा तलावाकाठीही खरं. तिथे घोडेवाला दोरी धरून बाजूने चालतो आणि आपण नुसतं बसायचं असतं. कोलोरॅडोतल्या रपेटीत तसं नसतं. वाटाडा स्वतःच्या घोड्यावर सगळ्यांत पुढे असतो, मोठा गट असेल तर आणखी एकजण शेवटी. मधे तुम्ही एकट्या, आणि लगाम तुमच्या हातात. हे घोडे रोज त्याच वाटेने एकामागोमाग चालून सरावलेले असतात. बहुतेक वेळ चालतच जातात, नवख्यांना कोणी दौडवत नाही. तरी पुढच्या घोड्यापासून एक घोडाभर अंतर राखणं, वाटेत गवताला तोंड घालू न देणं, थांबवायचं तेव्हा थांबवणं, ही कामं तुमचीच. तुम्हाला पाखरीवर हेच तर हवं होतं ना? या वेळी ते मिळेल, पण त्याची जबाबदारीही अंगावर येईल.

या माणसांना तिथे रँग्लर म्हणतात. गणिताच्या बाईंना हा शब्द ऐकून १८९९ साली केंब्रिजला गणितात पहिले येऊन सीनियर रँग्लर झालेले र. पु. परांजपे आठवले नसतील तर नवल. तिकडचा रँग्लर म्हणजे घोडे राखणारा, आपल्याकडचा मोतद्दार म्हणा. त्याच्याशी बोलायला संकोचू नका. नवखे पाहुणे हेच या रँचचं पहिल्यापासूनचं गिऱ्हाईक आहे. ईटन आडनावाच्या तिघा भावांनी १८७९ मध्ये डाकोटाच्या माळावर गुरांचं रँच काढलं. पूर्वेकडच्या शहरांतून ओळखीपाळखीचे लोक राहायला येऊ लागले, त्यातून पैसे घेऊन पाहुणे ठेवण्याची रीत पडली, आणि १९०४ मध्ये त्यांनी बिऱ्हाड वायोमिंगला हलवलं. घोड्याची सवय नसलेल्या शहरी पाहुण्याला तिथे 'ड्यूड' म्हणत, म्हणून ही 'ड्यूड रँच'. १९२६ मध्ये त्यांची संघटनाही झाली. तेव्हा तुम्ही तिथे उपऱ्या ठरणार नाही. "मी पहिल्यांदाच बसतेय, गुडघा दुखतो, शांत घोडा द्या" हे वाक्य ती माणसं रोज ऐकतात.

आता त्या ६८ किलोंचं. वजन विचारतात ते घोड्यासाठी. घोड्याने आपल्या वजनाच्या साधारण वीस टक्क्यांपर्यंत ओझं वाहावं असा एक ढोबळ हिशेब तिथे बरेच जण धरतात, आणि त्यात खोगीरही आलं. तिकडचं काउबॉय पद्धतीचं, म्हणजे वेस्टर्न, खोगीर जड असतं, पंधरा ते वीस किलोंचं. १७ धरा. तुमचे ६८ अधिक १७ म्हणजे ८५, त्याला ४२५ किलोंची घोडी पुरते. खरे ७६ अधिक १७ म्हणजे ९३, त्याला ४६५ किलोंचा घोडा लागतो. तुम्ही लपवलेल्या आठ किलोंसाठी घोडा चाळीस किलोंनी मोठा लागतो. तो जादा भार दोन तास, चढउतारावर, एका मुक्या जनावराच्या पाठीने वाहायचा. शिवाय पुष्कळ रँचवर कमाल मर्यादा २२५ ते २५० पौंडांची, म्हणजे १०२ ते ११३ किलोंची असते. तुम्ही तिच्या जवळपासही नाही. लपवण्यासारखं काही नव्हतंच, ताई.

याला कायद्याचीही बाजू आहे. घोडेस्वारीत मुळातच असलेल्या धोक्यांमुळे इजा झाली तर घोडे देणारा जबाबदार नाही, असं कोलोरॅडोचा कायदा सांगतो. तबेल्यावर तशी पाटी असते आणि सही करायच्या कागदातही तेच असतं. त्यांना माहीत असून, किंवा माहीत असायला हवं असून, खोगीर-लगाम नादुरुस्त दिले किंवा स्वाराची कुवत नीट न विचारता घोडा दिला, तर मात्र ही सूट मिळत नाही. कुवत ठरते ती तुम्ही दिलेल्या माहितीवरून. म्हणून तो कागद लेकीने पुढे केला म्हणून घाईने सही करू नका. आदल्या दिवशी मागवून घ्या, चष्मा लावून सावकाश वाचा.

त्याचबरोबर विम्याचा कागद काढा. इथून निघताना प्रवास विमा घेतला असेल. कित्येक पॉलिसींमध्ये घोडेस्वारी साहसी खेळांत मोडते आणि वगळलेली असते. आधीपासूनच्या आजारांची कलमं वेगळी. विमा कंपनीला ईमेल करून स्पष्ट विचारा, "वाटाड्याबरोबर चालत्या घोड्यावरची दोन तासांची रपेट यात येते का?" आणि उत्तर लेखी घ्या. नाही आलं, तर पुरवणी संरक्षण मिळतं का ते बघा. लेकीच्या मनावरचं निम्मं ओझं या एका ईमेलने उतरेल.

गुडघा. इथे मी तुम्हाला खोटा धीर देणार नाही. रक्त पातळ करण्याच्या गोळ्या चालू असतील, हाडं ठिसूळ झाल्याचं निदान असेल, चक्कर येत असेल किंवा कंबरेचं, गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं असेल, तर डॉक्टरांनी होकार दिल्याशिवाय बसूच नका. मध्यम उंचीचा घोडा खांद्याशी दीड मीटर भरतो. तुम्ही त्याच्याही वर बसणार. तिथून या वयात पडणं म्हणजे लहान गोष्ट नव्हे. आपल्याकडे साठीनंतर बायकांची हाडं सहसा कोणी तपासत नाही, मोडल्यावरच कळतं. हे पत्र वाचणाऱ्या ज्या बायका सहा महिन्यांनी मुलांकडे निघणार असतील, त्यांनी ती तपासणी निघण्याआधी इथेच उरकून घ्यावी. तुम्हीही तुमच्या इथल्या डॉक्टरांना फोन करून बीपीच्या गोळीचं आणि गुडघ्याचं विचारा.

त्यांनी हो म्हटलं तर घरीच एक चाचणी घ्या. सोफ्याच्या रुंद हातावर जाड उशी बांधा आणि दोन्हीकडे पाय सोडून वीस मिनिटं बसा. घोड्याची पाठ रुंद असते, मांड्या फाकतात, आणि नवख्या माणसाला गुडघ्याआधी खुबे बोलायला लागतात. वीस मिनिटांनी उतरताना कळ आली तर दोन तासांची रपेट तुमच्यासाठी नाही. मग लेकीला सांगून स्वतःपुरती तासाभराची घ्या. किंवा रपेटीच्या आठवडाभर आधी डेन्व्हरच्या आसपास एखाद्या तबेल्यात, कुंपणाच्या आत अर्ध्या तासाचा धडा घ्या. मला विचाराल तर हा दुसरा मार्ग सगळ्यांत चांगला. पहिल्यांदा बसण्याची धडधड तिथेच संपते, आणि उतरायचं वाटलं तर लगेच उतरता येतं, डोंगराच्या मधोमध अडकायला होत नाही.

चढायचं नेहमी डाव्या बाजूने. दुखरा गुडघाही नेमका डावा! सगळं वजन आधी डाव्या रिकिबीत, म्हणजे पाय ठेवायच्या कडीत, पडतं, म्हणून जमिनीवरून चढूच नका, चढायचा लाकडी ठोकळा मागा. त्यावर उभं राहिलं की रिकीब पुष्कळ जवळ येते. डाव्या हातात लगाम आणि मूठभर आयाळ धरा, उजवा हात खोगिरावर, आणि उजवा पाय पाठीवरून अलगद पलीकडे. बसल्यावर रिकिबी आपल्या मापाच्या करून घेतल्याशिवाय हलायचं नाही. पाय सरळ सोडला की रिकिबीचा तळ घोट्याशी यावा. रिकीब आखूड राहिली की गुडघा दोन तास मुडपलेला राहतो, आणि वेस्टर्न खोगिराचा चामड्याचा रुंद पट्टा पायाला पीळ देतो. "एक भोक खाली घ्या" म्हणायला लाजू नका. चवड्यावर वजन, टाच खाली.

आणि तंग, म्हणजे खोगीर आवळणारा पोटाखालचा पट्टा. मी भावाकडे गेले होते तेव्हा एका रँचवर माझं खोगीर निघाल्यापासून पंधरा मिनिटांत डावीकडे सरकायला लागलं. मला वाटलं, माझंच बसणं वाकडं आहे. लाजेने मी गप्प राहिले आणि अंग उजवीकडे तोलत राहिले. शेवटी मागून येणाऱ्या मुलीने ओरडून थांबवलं. तंग आवळताना पुष्कळ घोडे पोट फुगवतात, आणि थोडं चालल्यावर श्वास सोडला की पट्टा सैल पडतो. म्हणून चांगला वाटाडा दहा-पंधरा मिनिटांनी थांबून प्रत्येकाचा तंग पुन्हा बघतो. तुमच्या वाटाड्याने बघितला नाही तर तुम्ही थांबवा. त्या दिवशी मी का बोलले नाही, याचा विचार मी नंतर बरेच दिवस केला.

लगाम तिकडे एका हातात धरतात. उजवीकडे वळायचं तर हात उजवीकडे न्यायचा, म्हणजे लगाम मानेच्या डाव्या बाजूला टेकतो आणि सरावलेला घोडा उजवीकडे वळतो. चढावर अंग थोडं पुढे, उतारावर थोडं मागे. पुढे खोगिराला शिंगासारखा उंचवटा असतो. भीती वाटली तर तो धरा, लगाम खेचून तोल सांभाळू नका, घोड्याच्या तोंडाला लागतं. उतरताना मात्र हेच शिंग घात करतं. लांब मंगळसूत्र, सैल सदरा, जॅकेटची नाडी त्यात अडकते आणि माणूस लोंबकळतो. मंगळसूत्र आत खोचा किंवा घरी ठेवा. ओढणी, स्टोल अजिबात नको. फडफडलं की घोडा बुजतो. जाड सुती पँट आणि थोडी टाच असलेला बंद बूट घाला. सँडल नको, तळवा रिकिबीतून आरपार जाण्याची भीती. मोठ्यांना हेल्मेटची सक्ती सहसा नसते, पण मागा. नातवाच्या सायकलचं हेल्मेट चालत नाही, घोड्यासाठीचं वेगळं असतं. आजीने घातलं की नातूही कुरकुर न करता घालेल.

डेन्व्हर १,६०९ मीटरवर आहे, म्हणजे जवळजवळ कळसूबाईच्या माथ्याइतकं. एस्टेस पार्क २,२९० मीटरच्या आसपास. महाराष्ट्रात तेवढ्या उंचीवर जमीनच नाही. तुम्ही काही आठवडे डेन्व्हरला काढले आहेत हे बरं झालं, तरी घोटघोट पाणी पीत राहा आणि ऊन कडक असतं हे विसरू नका. जुलै-ऑगस्टमध्ये तिथल्या डोंगरात दुपारी विजांचा पाऊस नेहमीचा. रपेट सकाळची आहे तीच राहू द्या, दुपारवर ढकलू देऊ नका.

जेवणाचं लेकीला आत्ताच विचारायला सांगा. रँचवरच्या जेवणात सहसा बीफ असतं, आणि शाकाहारी दिसणाऱ्या घेवड्यातही पुष्कळदा डुकराचं मांस असतं. चालत नसेल तर आधी कळवा, तरी दशम्या आणि चटणी बरोबर असू द्या. तिकडे वाटाड्याला पंधरा-वीस टक्के बक्षिसी द्यायची रीत आहे, ती जावयाला माहीत असेलच.

हे सगळं करून डॉक्टर नाही म्हणाले, तर? वाईट वाटेल, मला माहीत आहे. तरी खाली थांबून फक्त फोटो काढू नका. घोड्याला खरारा करता येईल का, दाणा देता येईल का, हे रँचला विचारा. बऱ्याच ठिकाणी घोड्यांच्या गाडीतून फेरीही असते. पाखरीला दुरून बघावं लागलं, इथे निदान मानेवर हात ठेवता येईल. पण तो निर्णय तुमच्या हाडांनी आणि डॉक्टरांनी घेऊ द्या. 'शोभतं का'ने नको.

जमलंच तर शेवटचं एक लक्षात ठेवा. दोन तासांनी उतराल तेव्हाही ठोकळा मागा, दोन्ही पाय टेकले तरी खोगीर लगेच सोडू नका. पाय आपले वाटतच नाहीत, लटपटतात. लेकीला शेजारी उभं करा, तिचा खांदा धरा.

आणि तो फॉर्म आजच उघडायला लावा. ६८ खोडून ७६.